रताळ्याचे तिखट लाटके

(शेती कार्यक्रमात दिलेले भाषण. श्रोत्यांनी मागणी केल्यावरून पत्रकात छापले आहे.)



रताळ्याची काढणी झाली, चांगला मध्यम आकाराचा माल पोत्यात भरून बाजारात गेला, की घरात काय उरतं ते तुम्हाला सांगायला नको. बोटाएवढी बारीक, वाकडीतिकडी, आणि काढताना कुदळीचा घाव बसलेली. व्यापारी ती घेत नाही, घेतली तर पोत्यामागे भाव पाडतो. मग ती परसात ढीग लावून पडतात. पहिले चार दिवस उकडून खातात, दोन दिवस चुलीच्या राखेत भाजतात, आणि नंतर मुलं तोंड फिरवतात. एका भगिनीने अगदी याच शब्दांत पत्र लिहिलं होतं: "गोड खाऊन कंटाळा आला, रताळ्याचं काही तिखट सांगा." म्हणून आज हा पदार्थ सांगते आहे. त्याचबरोबर एक सावधगिरीही सांगायची आहे. ती पदार्थापेक्षा मोठी आहे, तेव्हा पत्रक अर्धवट वाचून किसणी हातात घेऊ नका.

पदार्थाचं नाव लाटके. नाव ऐकून लाटणं-पोळपाट शोधू नका, लाटण्याशी याचा काही संबंध नाही. हा शब्द आपला नव्हेच. पोलंड, लिथुआनिया, युक्रेन या भागात राहणाऱ्या ज्यू लोकांचा हा शब्द आणि पदार्थही त्यांचाच. बटाटा किसायचा, पिळायचा, कांदा-अंडं-थोडं पीठ घालून त्याच्या चपट्या वड्या तेलात तळायच्या, झाला लाटका. त्यांचा हनुक्का नावाचा सण नोव्हेंबर-डिसेंबरच्या सुमारास येतो आणि आठ दिवस चालतो. जेरुसलेमचं मंदिर परत मिळाल्यावर एका दिवसापुरतं तेल असलेला दिवा आठ दिवस तेवला, अशी त्यामागची श्रद्धा आहे. म्हणून त्या सणाला तेलात तळलेलं खायचं. बटाटा तिकडच्या शेतात रुजला तो अठराव्या-एकोणिसाव्या शतकात. त्याआधी दुसऱ्या पिठाच्या नाहीतर चीजच्या अशाच चपट्या होत. तेल महाग पडे म्हणून तिकडे पुष्कळ घरांत हंसाच्या चरबीत तळत.

हे मला कसं कळलं? अलिबागजवळ आमच्या शेजारी एक बेने इस्राएल कुटुंब होतं. रायगड जिल्ह्यात या लोकांची जुनी वस्ती आहे. ते मराठी बोलत, तेलाच्या घाण्या चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून त्यांना शनिवार तेली म्हणत. १९४८ मध्ये इस्राएल देश झाल्यानंतर त्यांतली पुष्कळ मंडळी तिकडे गेली. शेजारणीची लेकही गेली होती. एका डिसेंबरात ती माहेरी आली आणि तिने आईच्या स्वयंपाकघरात लाटके तळले. "आमचा मूळचा पदार्थ हा नव्हे बरं का," तिने मला आधीच सांगितलं. "आमचा मलिदा. पोहे, नारळ, गूळ. हे तिकडच्या पोलंडहून आलेल्या शेजारणीकडून शिकले." घरात बटाटे थोडे होते आणि दारात रताळ्यांचा ढीग होता. तिने रताळी किसली. आईने मिरची-आल्याचं वाटण पुढे केलं. मी ताटलीभर खाल्ले आणि घरी येऊन करून पाहिले.

माझे बिघडले. ते का बिघडले ते सांगते, म्हणजे तुमचे बिघडणार नाहीत. मी कीस पिळला नाही. मीठ आधी घालून मिश्रण झाकून ठेवलं आणि देवपूजेला बसले. आल्यावर पाहते तर परातीत पाणीच पाणी. ते आळावं म्हणून पीठ घातलं, मग ती भजी झाली. जाळ मोठा ठेवला होता, त्यामुळे बाहेरून काळी आणि आत कच्ची. सासूबाई एवढंच म्हणाल्या, "कुत्र्याला घाल, पण आधी गार होऊ दे." चार खेपांनी हात बसला.

आता ती सावधगिरी.

रताळ्याचं पीक करणाऱ्याला सोंड्या भुंगा ठाऊक असतो. निळसर काळा, लाल मानेचा, मुंगीसारखा दिसणारा हा भुंगा भेगाळलेल्या जमिनीतून कंदापर्यंत पोहोचतो. त्याची अळी कंदात बोगदे करते आणि मागे भुसा-विष्ठा सोडते. असा कंद कापला की आत काळपट वाटा दिसतात आणि उग्र वास येतो. चव कडू लागते. हा कडूपणा अळीच्या घाणीमुळेच येतो असं आपण समजतो, पण तो रताळ्यानेच तयार केलेला असतो. किडीने किंवा बुरशीने जखम केली, की रताळं स्वतःच्या बचावासाठी एक कडू द्रव्य तयार करतं. ते विषारी असतं. शिजवल्याने किंवा तळल्याने ते पूर्ण जात नाही.

उकडताना अख्खं रताळं हातात येतं. सोलताना डाग दिसतो, घास घेतला की कडू लागतं, आपण थुंकून टाकतो. लाटक्यात तसं होत नाही. सगळं किसलेलं, त्यात मिरची, आलं, जिरं, कांदा, लिंबू. दहा चांगल्या रताळ्यांत एक किडकं मिसळलं तर ते तिखटात लपून जातं. मुलांनी खाल्लं तरी कोणाला कळणार नाही. म्हणून मसाल्याचा पदार्थ करायचा असला की निवडण्याचं काम किसण्याच्या आधी, उजेडात बसून, एकेक कंद मधोमध कापून करावं. कापल्यावर आतून सगळीकडे एकसारखा पांढरा, पिवळा किंवा केशरी रंग दिसला आणि वास ताजा, ओल्या मातीसारखा आला तर घ्यावं. बोगदा, काळी-तपकिरी रेघ, मऊ ओला भाग, पांढरी-निळी बुरशी, आंबूस वास, यांतलं काही दिसलं तर ते सबंध रताळं टाकावं. "एवढाच भाग काढून टाकते, बाकीचं चांगलं आहे" असं म्हणू नये. डागाच्या बाजूचा चांगला दिसणारा भागही नेहमी चांगला असतोच असं नाही. रताळं पैशाला मोठं नाही, बाई.

कुदळीचा घाव बसलेलं रताळं वेगळं समजावं. घाव ताजा, कोरडा आणि स्वच्छ असेल तर ते उत्तम. किसायला असंच रताळं घ्यावं, कारण साठवणीत ते टिकणार नाही. मात्र काढणीनंतर चार-पाच दिवसांत ते संपवावं. घावातूनच बुरशी आत शिरते.

आणि टाकायचं कुठे, हेही तितकंच महत्त्वाचं. गोठ्यात टाकू नका. हे मी मोठ्याने सांगते, कारण आमच्या मामांच्या घरी ते घडलं. ढिगातली सडकी, बुरशी आलेली रताळी "जनावराला काय, ते सगळं खातं" म्हणून गव्हाणीत गेली. दुसऱ्या दिवशी गाय मान पुढे ताणून धापा टाकू लागली, तोंडाला फेस आला, अंगात ताप मात्र नव्हता. जनावरांचे डॉक्टर आले, त्यांनी आधी गव्हाण पाहिली आणि मग गायीकडे वळले. विशिष्ट बुरशी लागलेल्या रताळ्यात असं द्रव्य तयार होतं की ते जनावराच्या फुप्फुसात पाणी भरवतं, असं त्यांनी समजावलं. त्यावर उतारा नाही. तिसऱ्या दिवशी गाय गेली. दुभती होती, आणि मामांनी तिच्या दुधावर पोराच्या शाळेचा खर्च बसवला होता. नंतर मी या विषयावर वाचलं तेव्हा कळलं की गायी-बैलांच्या बाबतीत हे जगात अनेक ठिकाणी घडलेलं आहे.

म्हणजे रताळ्याचा वेलही घालू नये का? तसं नाही. हिरवा, निरोगी वेल हा चांगला चारा आहे, तो बिनघोर घाला. निरोगी, कीड नसलेले कंदही तुकडे करून थोडेथोडे घालता येतात. अख्खे घालू नका, घशात अडकतात. वाईट ते फक्त सडकं आणि बुरशीचं. किडकी रताळी शेताच्या बांधावरही टाकू नयेत, कारण भुंगा त्यातच वाढतो आणि पुढच्या लावणीला हजर होतो. खोल खड्डा काढून पुरावीत. पुढच्या हंगामात वेलाला वेळेवर मातीची भर द्या, जमिनीला भेगा पडू देऊ नका. भुंग्याला कंदापर्यंत जायचा रस्ताच मिळाला नाही तर निवडण्याचं निम्मं काम कमी होतं.

आता किसणी घ्या.

साहित्य साधारण पाच माणसांच्या न्याहारीचं सांगते. निवडलेली रताळी अर्धा किलो. एक मध्यम बटाटा, आणि एक मोठा कांदा. अंडं चालत असेल तर दोन अंडी आणि तीन मोठे चमचे तांदळाचं पीठ. अंडं नको असेल तर चार मोठे चमचे बेसन आणि दोन मोठे चमचे तांदळाचं पीठ. तीन-चार हिरव्या मिरच्या, इंचभर आलं, एक लहान चमचा जिरं, अर्धा लहान चमचा धणे, चिमूटभर हळद, मूठभर कोथिंबीर, चवीपुरतं मीठ, अर्धं लिंबू. तळायला शेंगदाण्याचं किंवा घरात असेल ते तेल. जी शेजारीण मला हे शिकवून गेली ती यात चिमूटभर दालचिनीची पूडही घालायची. रताळ्याला ती शोभते. नसली तर अडत नाही.

बटाटा कशाला, असं विचाराल. रताळ्याचा कीस बटाट्याइतका एकमेकांना धरून राहत नाही, सुटासुटा होतो. बटाट्यातलं पीठ चिकटवण्याचं काम करतं. नुसत्या रताळ्याचे करायचे असले तर बेसन किंवा अंडं थोडं वाढवावं. पण पीठ फार झालं की रताळ्याची चव मरते. मिश्रण पिठाचं दिसता कामा नये, किसाचं दिसलं पाहिजे. पीठ म्हणजे फक्त डिंक, एवढं लक्षात ठेवलं की हात आपोआप आवरतो.

रताळी स्वच्छ धुऊन, साल पातळ काढून मोठ्या भोकाच्या किसणीवर किसावीत. बारीक किसणीने लगदा होतो, आणि लगदा कुरकुरीत होत नाही. बारीक रताळी किसताना बोटं सांभाळा, शेवटचा तुकडा किसणीवर घासत बसण्यापेक्षा आमटीत टाका. बटाटा आणि कांदाही त्यातच किसावा. रताळ्याचा कीस हवेने काळपट पडतो, पण लगेच पुढचं काम केलं तर फरक पडत नाही. पाण्यात भिजत मात्र घालू नये. पाण्यातून काढलेला कीस पुन्हा कोरडा करणं हे दुप्पट काम होतं.

आता पिळणे. हे काम घाईने केलं तर बाकी सगळं व्यर्थ. जुन्या सुती पंच्यात किंवा धोतराच्या फडक्यात कीस घ्या, पुरचुंडी बांधा, आणि खाली पातेलं ठेवून दोन्ही हातांनी पीळ द्या. रताळ्यात वजनाच्या पाऊण हिश्श्याच्या आसपास पाणी असतं, बटाट्यात त्याहून थोडं जास्त. ते सगळं निघत नाही, निघायलाही नको. पण जेवढं निघतं तेवढं काढलं नाही तर तेच पाणी तव्यावर वाफ होऊन कीस उकडतं, तळला जात नाही. थकलात की पुरचुंडी पाच मिनिटं तशीच राहू द्या आणि पुन्हा एकदा पिळा. दुसऱ्या पिळण्याला आणखी पाणी निघतं, पाहा.

ते पाणी ओतून देऊ नका. पातेलं दहा मिनिटं हलवू नका. तळाशी पांढरा साका बसतो. वरचं पाणी हलक्या हाताने ओतून टाका, आणि तळचा साका बोटाने खरवडून किसात परत मिसळा. हेच ते चिकटवणारं सत्त्व, फुकटचं. हा साका घातला की पीठ एक-दोन चमचे कमी लागतं.

मिरची, आलं, जिरं, धणे पाट्यावर भरड वाटावेत. मिक्सरवर केलं तर पाणी घालू नये. वाटण, हळद, कोथिंबीर, पीठ किंवा अंडं किसात घालून बोटांनी सोडवल्यासारखं मिसळावं. मळू नये. मीठ आणि लिंबू मात्र तवा तापल्यावरच, अगदी शेवटी. मीठ पाणी ओढून बाहेर काढतं, माझी पहिली खेप त्यानेच घालवली.

तवा बिडाचा असेल तर सोन्याहून पिवळं. नसेल तर जाड बुडाची कढई किंवा नेहमीचा तवा. तेलाचा थर तव्यावर दोन-तीन मिलिमीटर, म्हणजे लाटका निम्मा बुडेल एवढाच. कढईभर तेलात सोडले तर तेल पितात आणि सुटतातही. किसाचा एक तंतू तेलात टाकून पाहावा. लगेच भोवती बुडबुडे आले तर तेल तापलं. तंतू क्षणात काळा झाला तर जास्त तापलं, तवा खाली उतरवून थोडा थंडावू द्यावा.

लिंबाएवढा गोळा हातावर घेऊन चपटा करावा, जाडी अर्ध्या सेंटिमीटरच्या आसपास. कडेने किसाचे तंतू सुटलेले दिसले तर दिसू देत, तेच कुरकुरीत होतात. गुळगुळीत थापलेला सुबक लाटका दिसायला बरा, पण खायला वड्यासारखा लागतो. एका वेळी चार-पाचच सोडावेत. तवा गच्च भरला की तेल थंड पडतं.

जाळ मध्यम. बटाट्याच्या सवयीने इथे चूक होते. बटाटा मोठ्या आचेवर चालतो, रताळं चालत नाही, कारण त्यात साखर जास्त असते आणि साखर लवकर करपते. एका बाजूला चार मिनिटं, दुसऱ्या बाजूला तीन. कड तांबूस झाल्याशिवाय उलथणं लावू नये. आधी लावलं तर मोडतो, आणि मग आपण "पीठ कमी पडलं" म्हणून पिठाच्या डब्याकडे धावतो. दोष पिठाचा नसतो, घाईचा असतो. चुलीवर करणाऱ्या भगिनींनी लाकूड मागे ओढून निखाऱ्यावर तळावं. निखाऱ्यावरचे लाटके गॅसवरच्यापेक्षा एकसारखे होतात, असा माझा अनुभव आहे.

काढल्यावर एकावर एक रचू नयेत. वाफेने खालचे मऊ पडतात. चाळणी उपडी ठेवून तिच्यावर सुटे पसरावेत. एवढ्या साहित्यात बारा ते चौदा होतात. दर खेपेला तेलातले जळके तंतू झाऱ्याने काढत जा, नाहीतर पुढच्या लाटक्यांना तेच चिकटतात. उरलेलं तेल गाळून एकदा भाजीला वापरून संपवावं, तेच तेल पुन्हा पुन्हा तापवू नये.

सोबत काय? तिकडे आंबट साय नाहीतर सफरचंद शिजवून केलेला गर घेतात. आपल्याकडे घट्ट दही आहे, तेच साजतं. दह्यात लसणाची एक पाकळी ठेचून, मीठ आणि लाल तिखट घालावं. रताळ्याच्या गोडाला आंबट लागतंच. चिंचेची चटणीही चांगली. कोकणातल्या भगिनींनी आगळाची कढी करून पाहावी, गरम लाटका आणि गार कढी.

आता उपासाचं. पत्रं येतील म्हणून आधीच सांगते. कांदा, बेसन, तांदळाचं पीठ, हळद, धणे वगळावेत. त्याऐवजी राजगिऱ्याचं किंवा शिंगाड्याचं पीठ तीन-चार मोठे चमचे आणि दाण्याचं कूट पाऊण वाटी. बटाटा राहू द्यावा. मिरची, जिरं, मीठ. ज्यांच्याकडे कोथिंबीर किंवा आलं चालत नाही त्यांनी घालू नये, घराची रीत घराला माहीत. तूप किंवा शेंगदाण्याच्या तेलात तळावेत. दाण्याच्या कुटाने रंग लवकर येतो, म्हणून जाळ आणखी थोडा कमी. गंमत पाहा, उपासाला चालणारी रताळी, बटाटे, शेंगदाणे, मिरच्या आणि ज्या कंदाचा साबुदाणा होतो तो कंद, ही सगळी मंडळी अमेरिका खंडातून आलेली आहेत. आपल्या पणजीच्या पणजीच्या आधी केव्हातरी ती आली आणि थेट देवघरात जाऊन बसली. मग पोलंडचा लाटका आला तर सोवळं मोडत नाही.

महाशिवरात्रीला आणि आषाढी एकादशीला रताळ्याचा भाव चढतो हे तुम्हाला ठाऊकच आहे. चांगला माल तेव्हा विकावा, घरी बारीक माल वापरावा. पण तो तोवर टिकवायचा कसा? काढणीनंतर रताळी धुऊ नयेत. माती कोरडी होऊन आपोआप झडते. घाव नसलेली वेगळी करून पाच-सहा दिवस सावलीत, उबदार जागी, वर गोणपाट टाकून पसरून ठेवावीत. या दिवसांत साल पक्कं होतं आणि बारीक ओरखडे भरून येतात. मग कोरड्या वाळूच्या थरात, हवेशीर खोलीत ठेवावीत. दर आठवड्याला वरखाली करून सडकं रताळं काढावं. फ्रिजमध्ये ठेवू नयेत. फार थंडीने रताळ्याच्या आतला गाभा टणक होतो आणि कितीही शिजवलं तरी मऊ होत नाही. काढणीची घाईही करू नये. एक कंद कापून पाहावा. चिकाचा डाग वाळून पांढरट राहिला तर पीक तयार, हिरवट काळा पडला तर अजून थांबावं.

ठेवलेलं रताळं जास्त गोड होतं, ताजं काढलेलं कमी. भाजायला ठेवलेलं घ्यावं आणि लाटक्याला ताजं. त्यातही एक गोष्ट आहे. रताळं राखेत सावकाश तापतं तेव्हा त्यातलं एक विकर पिठाची साखर करत राहतं, म्हणून भाजलेलं रताळं मधासारखं लागतं. लाटका सात-आठ मिनिटांत तळून होतो, विकराला तेवढी सवड मिळत नाही. त्यामुळे तेच रताळं इथे कमी गोड लागतं आणि तिखट पेलतं. त्या पत्र लिहिणाऱ्या भगिनीला गोडाचा कंटाळा आला होता. तिने रताळी उकडून मग वड्या केल्या असत्या तर त्या पुन्हा गोडच झाल्या असत्या.

जातीबद्दल थोडकं. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाची कोकण अश्विनी कमी दिवसांत येते, पुष्कळांकडे ती असेल. तिरुवनंतपुरमच्या केंद्रीय कंदपीक संशोधन संस्थेची भू सोना ही केशरी गराची जात आहे. केशरी गरात कॅरोटिन भरपूर असतं आणि शरीर त्याचं अ जीवनसत्त्व करतं. पांढऱ्या गरात ते जवळजवळ नसतं. कॅरोटिन अंगी लागायला थोडं तेल-तूप सोबत लागतं, तेव्हा केशरी रताळ्याचा लाटका लहान मुलांना जरूर द्यावा. आफ्रिकेत केशरी रताळ्याचा प्रसार करणाऱ्या तीन शास्त्रज्ञांना २०१६ साली जागतिक अन्न पुरस्कारात वाटा मिळाला, तो याच गुणामुळे. केशरी जातीचा कीस जरा ओलसर असतो, एक पिळा जास्त द्यावा. वेल मिळत असतील तर निदान एक सरी घरासाठी लावून पाहा.

मधुमेह असलेल्यांनी एक-दोन लाटक्यांवर थांबावं, आणि तेही नुसते न खाता दही-भाजीबरोबर. पदार्थ तळलेला आहे, रोज करायचा नव्हे.

मिश्रण उरलं तर ठेवू नका, त्याला पाणी सुटतंच. ज्वारीचं पीठ मिसळून थालीपीठ लावून टाका. तळलेले लाटके उरले तर दुसऱ्या दिवशी कोरड्या तव्यावर झाकण न ठेवता गरम करावेत. शाळेच्या डब्यात दिले तर भाकरीत घालून द्या, मुलं आवडीने खातात.

करून पाहिल्यावर पत्र टाका. कोणतं पीठ घातलं, किती झाले, आणि ढिगातली किती रताळी कापल्यावर टाकावी लागली तेही लिहा. फार निघाली असतील तर पुढच्या लावणीच्या आधी भुंग्याच्या बंदोबस्ताचं एक भाषण ठेवू.